बारमधलं बारसं

नातीच्या बारशाचं आमंत्रण मी घरच्या ग्रुपवर टाकलं आणि माझं लिखाण अख्ख्या खानदानानं पहिल्यांदाच शेवटपर्यंत वाचलं. एरवी माझ्या मेसेजला दोन अंगठे पडतात. त्यातला एक बायकोचा असतो, तोही फोन पुसताना चुकून लागलेला. या वेळी मात्र धडाधड उत्तरं आली. "दादा, 'बार' दोनदा टाइप झालं." "फोन बदल गा आता." "हॉलचं नाव पुन्हा टाक, ऑटोकरेक्टनं घोळ केला." मी लिहिलं होतं ते इतकंच: बारसं, सदरच्या बारमध्ये, वरचा हॉल, सकाळी अकरा वाजता, सहकुटुंब यावे.

मोठेबाबा टाइप करत नाहीत, फोन करतात. मोठेबाबा म्हणजे माझ्या वडिलांचे थोरले भाऊ. खापरखेड्याच्या वीजकेंद्रात त्यांची नोकरी झाली, निवृत्तीनंतर तिथंच घर बांधलं, आणि माझे वडील गेल्यापासून घराण्यातला शेवटचा शब्द त्यांचा. कानानं कमी ऐकू येतं, त्यामुळे तो शब्द मोठ्यानंच असतो.

"तुझ्या मेसेजात चूक आहे," ते ओरडले. "लोक बारमध्ये जातील अशानं!"

"चूक नाही मोठेबाबा. बारमध्येच आहे."

"कोण्या?"

"आत्या गायची, त्याच."

फोन बंद झाला. मोबाइल आपटून ठेवता येत नाही म्हणतात, पण त्यांना ते जमतं.

आता ही आत्या. वडिलांची आणि मोठेबाबांची धाकटी बहीण. मौद्याकडच्या आमच्या गावातून लग्न होऊन गेली आणि थोड्याच दिवसांत परत आली. का आली ते आमच्या घरात कोणी सांगत नाही. तिलाच विचारलं तर म्हणते, "तुले काय पिच्चर काढाचा आहे काय?" गावात राहणं अवघड झालं तेव्हा वडिलांनी तिला नागपूरला आमच्याकडे आणलं. गळा तिला होताच. मोहल्ल्याच्या शारदोत्सवात ती ऑर्केस्ट्राबरोबर गायली. कामठीच्या मिलिटरी बँडमधून निवृत्त झालेल्या एका सॅक्सोफोनवाल्यानं तिला तिथं ऐकलं, आणि काही दिवसांतच ती नागपूरच्या सदर भागातल्या एका बारमध्ये संध्याकाळी गाऊ लागली.

आमच्या घरात 'बार' हा शब्द उच्चारायची सोय नव्हती. आईनं शेजारीपाजारी सांगून ठेवलं होतं, नणंद टेलिफोन ऑफिसात रात्रपाळीला आहे. थाप चांगली होती, फक्त ती जरा जास्तच चालली. गल्लीतले लोक ट्रंक कॉल लवकर लावून मिळावा म्हणून आत्याकडे वशिला लावू लागले. आत्याही काही कमी नाही. "लाइन खराब आहे काकू, सोमवारी पाहते," असं ती जरीची साडी नेसून, ओठांना लिपस्टिक लावून इतक्या सहज सांगायची, की टेलिफोन ऑफिसात असंच नटून जावं लागतं अशी माझी पक्की समजूत होती. मोठा झाल्यावर मी त्या खात्याची परीक्षाही दिली. नापास झालो, ते सोडा.

नागपूरच्या बारचा इतिहास मला कळला तो सगळा तिच्या तोंडून, भाजी निवडता निवडता. पिण्याच्या बाबतीत मी स्वतः कच्चा लिंबू आहे. एका बिअरमध्ये मी टेबलावरच्या लोकांना माझं बालपण सांगू लागतो, म्हणून मित्र मला दुसरी मागवू देत नाहीत. तेव्हा माझं ज्ञान ऐकीव आहे, पण ज्यांनी प्रत्यक्ष पाहिलं त्यांना आता काही आठवत नाही, म्हणून माझंच धरून चाला.

आत्याच्या सांगण्याप्रमाणे आधी बँडचा जमाना होता. सॅक्सोफोन, अकॉर्डियन, बोंगो, कोपऱ्यात एक उंचवटा आणि मध्ये ती. ऐकायला छावणीतले साहेब, रेल्वेतले बाबू, कोळशाचे ठेकेदार. कुटुंब घेऊन कोणी आलंच तर त्यांना पडद्याच्या केबिनमध्ये बसवत. आतून चमच्यांचा आवाज यायचा आणि पडद्याखालून पाय तेवढे दिसायचे. "मी चपलांसाठी गायली गा," ती म्हणते. "चप्पल हलून राहिली की समजाचं, बाईले गाणं आवडलं."

मग गझलांची लाट आली. बोंगो गेले, तबला आला, सॅक्सवाल्यानं कोट काढून कुडता चढवला. मालक मात्र वैतागला. गझलचं गिऱ्हाईक एक पेग घेऊन बसतं, उसासे टाकतं आणि खुर्ची अडवून ठेवतं, असं त्याचं म्हणणं. डिसेंबरात अधिवेशन भरलं की त्याचा चेहरा उजळायचा. शेतकऱ्याला खरीप आणि रब्बी, तसं आत्याला अधिवेशन. दिवसभर सभागृहात एकमेकांच्या अंगावर धावून जाणारे लोक संध्याकाळी शेजारशेजारच्या टेबलांवरून एकाच गाण्याची फर्माईश पाठवायचे. त्यातल्या मुंबईकडच्या एकानं तिला सांगितलं, तुमची भाषा फार गोड आहे हो. "मी काही बोललीच नव्हती," आत्या सांगते. "नुसतं 'काहून?' म्हटलं होतं."

पुढे कीबोर्डवाला आला. त्याच्या पेटीत तबला, ढोलक, बासरी सगळं असल्यामुळे बाकीच्यांना नारळ मिळाला. मग भिंतीवर टीव्ही आला, आणि क्रिकेट असलं की षटक संपेपर्यंत आत्यानं अंतरा धरून ठेवायचा. महामार्गाजवळ बार नको असा हुकूम निघाला तेव्हा काही मालकांनी बार जागच्या जागी ठेवून दारच मागच्या गल्लीत फिरवलं. आता तर गच्च्यांवर लाउंज झालेत. तिथं डीजे असतो आणि चुकून गाण्याचे शब्द ऐकू आले तर लोक तक्रार करत असावेत. आत्या कीबोर्डच्या काळापर्यंत टिकली, मग घरी राहून गल्लीतल्या मुलींना गाणं शिकवू लागली. टेलिफोनवाल्या बाईची गाणंवाली बाई झाली आणि शेजाऱ्यांनी तेही मान्य केलं.

पण एवढ्या वर्षांत तिला तिथं गाताना आमच्यापैकी एकानंही ऐकलं नव्हतं. मोठेबाबा दिवाळीला आले की तिला विचारायचे, "नोकरी बरी आहे ना?" ती म्हणायची, "बरी आहे." संपलं. काय गातेस, कशी गातेस, हा प्रश्न त्यांनी कधी विचारला नाही. खरं तर गावातल्या भजनात तिला पहिल्यांदा हात धरून बसवलं ते त्यांनीच.

यंदा आमची मुलगी बाळंतपणाला माहेरी आली. पहिलं बाळंतपण, तेव्हा बारसंही आमच्याकडेच. मुलीनं ठरवून टाकलं, पाळणा आत्याआजीनंच म्हणायचा. आत्या मेथी निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "म्हणीन. पण माझ्या जागेवर."

मला वाटलं सोफ्याचा डावा कोपरा. "बस ना मग. तिथं कोण बसतं दुसरं?"

"ते नाही गा. सदरची जागा."

बायकोनं कढईतला झारा सोडून दिला. "आत्या, बारसं अन् बारमध्ये?"

"नावातच आहे ना वं!"

आम्ही हसलो. ती हसली नाही. काड्या एकीकडे सारून म्हणाली, "घरी माझं गाणं तुम्ही सगळ्यांनी ऐकलं. कुकरच्या शिट्टीतून ऐकलं, 'आत्या, मिठाचा डबा कुठं आहे' म्हणत ऐकलं. आता एक डाव तिथं खुर्चीवर बसा अन् ऐका. अन् खापरखेड्याच्या दादाले आणा. तो समोर बसून ऐकन तर मी म्हणीन. नाही तर पाळणा मोबाइलवर लावा तुम्ही."

आमच्याकडे बाळाचं नाव ठेवायचा मान आत्याचा असतो, आणि आत्याला नावं ठेवायचा मान बाकी सगळ्यांचा. हे मी तेव्हा मनात म्हटलं, मोठ्यानं नाही. बायकोला विनोद सांगितला तर ती म्हणाली, "विनोद राहू द्या. हॉल पाहून या."

गेलो. मालक आता जुन्या मालकाचा मुलगा आहे. दिवाळीनंतर वरच्या हॉलमधलं स्टेज काढून तिथं मोठा स्क्रीन लावणार असल्याचं त्यानं सांगितलं. आत्याचं नाव काढलं तसा उठून उभा राहिला. "मॅडमसाठी हॉल कधीही घ्या. पण घरचं कार्य आहे तर ड्राय डेला करा ना. त्या दिवशी आम्ही माश्याच मारत असतो." आयुष्यात मला सुचलेली ही एकमेव हुशारीची गोष्ट, असं मी घरी येऊन सांगितलं. मालकाचा भाग वगळला.

आत्या तरी कुरकुरलीच. "ग्लासांचा आवाज नसन तर मले सूर लागन काय?"

आता प्रश्न व्याह्यांचा. मुलीचं सासर वर्ध्याचं, म्हणजे दारूबंदीच्या जिल्ह्यातलं, आणि व्याही असे की औषधाच्या बाटलीवरही काय लिहिलंय ते वाचून मगच झाकण उघडतात. मी गच्चीवर फेऱ्या मारत भाषणाची तयारी केली आणि फोन लावला. दारूचा थेंब नसेल, ड्राय डे आहे, बोर्डसुद्धा झाकू, असं सगळं एका दमात सांगितलं.

"ड्राय डे आहे म्हणता?" व्याही म्हणाले. "आमच्याकडे तो रोजच असतो. आम्हाला काय फरक पडतो?"

तेवढ्यात विहीणबाईंनी फोन ओढून घेतला. "बोर्ड काहून झाकता हो? नागपूरले आलो की बसमधून पाट्याच पाट्या दिसतात. आत काय असते ते कोणी सांगत नाही. मले एकदा पाहाचंच होतं."

वर्धा सर झालं. राहिलं खापरखेडा. फोन बंद झाल्यावर तो पुन्हा लावायची माझ्यात हिंमत नव्हती, म्हणून मी प्रत्यक्ष गेलो. आमंत्रण तोंडानं दिलेलं बरं असतं. शिवाय समोर असलो की मोठेबाबा फोन आपटू शकत नाहीत.

"मी त्या पायरीवर आजवर पाय ठेवला नाही," त्यांनी सुरुवातीलाच सांगितलं.

"पायरी नाही आता," मोठी आई, म्हणजे त्यांची बायको, आतून म्हणाली, "लिफ्ट आहे म्हणते तो."

"तू गप बस वं!" मग माझ्याकडे वळले. "तिले म्हणा, घरी म्हण पाळणा. मी सगळ्यात आधी येऊन बसतो. बारमध्ये काय आहे?"

"स्टेज आहे," मी म्हणालो. याहून चांगलं उत्तर मला नंतर बसमध्ये सुचलं, पण ते आता उपयोगाचं नाही.

मोठेबाबा खिडकीतून चिमणीच्या धुराकडे पाहत बसले. मग त्यांनी विचारलं, "वर्ध्याचे येऊन राहिले काय?"

"दोघंही."

"बारमध्ये?"

"विहीणबाई तर नेसायची साडीसुद्धा निवडून बसल्या."

हे त्यांना लागलं. व्याही यावेत आणि मुलीकडचा थोरला माणूस दारात नसावा, हे त्यांच्या हिशेबात कुठंच बसेना. "येतो," ते म्हणाले. "व्याह्यांसमोर बरं दिसत नाही म्हणून येतो. नाव ठेवलं की निघालो. गाण्याबिण्याचं मले सांगू नको."

मी विजयी वीरासारखा घरी आलो आणि आत्याला सांगितलं, दादा येतो आहे. तिनं मला चहा दिला, पण शाबासकी दिली नाही. "येऊन बसणं वेगळं अन् ऐकणं वेगळं," ती म्हणाली. "पाहू."

बारशाच्या दिवशी मंडळी कोणी पाहत तर नाही ना अशा बेतानं लिफ्टमधून उतरत होती. मग आत बरीच आपलीच माणसं दिसली की चेहरे सैल व्हायचे. कामठीचा चुलतभाऊ शेवटपर्यंत टायपिंगची चूकच समजत राहिला. तो सहकुटुंब आमच्या घरी गेला, कुलूप पाहिलं, आणि मग रागारागानं सदरला आला. स्टेजखालच्या नाचायच्या फरशीवर डेकोरेशनवाल्याचा पाळणा मांडला होता. वर आरशाच्या तुकड्यांचा गोळा फिरत होता, आणि सकाळपासून रडणारी आमची नात त्याच्याकडे टक लावून पाहत एकदम गप्प झाली होती. बो लावलेले वेटर जलजिरा घेऊन फिरत होते. पेले दुसरे नव्हतेच, त्यामुळे सगळं माहेर-सासर हातात पेगचे ग्लास धरून उभं होतं आणि लांबून पाहणाऱ्याची खात्रीच पटली असती. घुगऱ्यांची काळजी बायकोला होती. वेटरनं त्या वाट्यांमधून आणल्या, वर कांदा, लिंबाची फोड, चिमूटभर तिखट.

"इथं बारशाच्या घुगऱ्या इतक्या छान करतात?" विहीणबाईंनी विचारलं.

"रोजच असतात मॅडम," वेटर म्हणाला.

मोठेबाबा आले. पांढरा सदरा, इस्त्रीची पँट. व्याह्यांना नमस्कार केला, खुर्ची घेतली, आणि ती बरोबर स्टेजकडे पाठ येईल अशी फिरवून बसले. लगेच व्याह्यांना बॉयलरची गोष्ट सुरू. ही गोष्ट आमच्या घराण्यात सगळ्यांना पाठ आहे. व्याही नवीन होते.

आत्या स्टेजवर आली. कीबोर्डवर जुनाच माणूस होता, आता केस पांढरे झालेला. तिनं माइक ओठांपासून जरा लांब धरला, मान हलवली, आणि पाळण्याची पहिली ओळ घेतली. आवाज थोडा बसलेला होता, पण हॉल तिला ओळखत असावा. बायकांनी पदर सावरले, पोरं थांबली.

"तं मी साहेबाले म्हटलं, बॉयलर बंद करा!" मोठेबाबा गरजले.

आत्या थांबली. कीबोर्ड दोन पावलं पुढं गेला आणि परत आला. "पुन्हा," ती त्याला म्हणाली, आणि पहिल्यापासून सुरू केलं.

"तं साहेब म्हणते, बॉयलर बंद केला तं..."

आत्या पुन्हा थांबली. मी मोठेबाबांना तोंडावर बोट ठेवून खूण केली. त्यांना वाटलं मी घुगऱ्यांचं विचारतोय. "मले नको," ते म्हणाले, "गॅस होते." बायकोनं घड्याळाकडे पाहिलं. मुलगी खालून कुजबुजली, "आत्याआजी, म्हण ना गं, ती रडायला लागेल."

"रडू दे," आत्या माइकवरच म्हणाली. "मी काही घाईत नाही."

तिसऱ्यांदा पहिल्यापासून. तिसऱ्यांदा बॉयलर. मग तिनं माइक तोंडाजवळ आणला.

"दादा."

हॉलच्या चारी भिंतींतून तो शब्द आला. त्या दिवशी मोठेबाबांना स्पष्ट ऐकू आलेला तो पहिलाच असावा. ते वळले. "काय झालं?"

"मी गाऊन राहिली."

"मग गा ना! मी काय गळा धरला तुझा?"

"तू बोलून राहिला."

"इथं तं लोक बोलतच असतील ना?" ते म्हणाले. "दारू पेऊन!"

"बोलत," आत्या म्हणाली. "टेबलं वाजवत, भांडत, बिल मागत. मी गात जाओ. ते परके होते. परक्याचं मी ऐकून घेतलं. तू बोलू नको."

व्याह्यांनी हातातला जलजिरा हळूच टेबलावर ठेवला. मोठेबाबा गुडघ्यांवर हात टेकून उठले. मला वाटलं, निघाले. मी धावलो, काय बोलायचं ते ठरवत धावलो, आणि नेहमीप्रमाणे काही न ठरता पोहोचलो.

"खुर्ची उचल," ते म्हणाले.

"मोठेबाबा, निदान नाव ठेवेपर्यंत तरी थांबा..."

"पुढं ठेव म्हणतो! मले इथून ऐकू येत नाही काही. ऐकू येत नाही म्हणून तं बोलतो मी."

मी खुर्ची उचलली, तिचा पाय टेबलाला लागला, दोन ग्लास पडले, जलजिरा माझ्या नव्या सदऱ्यावर आला. वेटर म्हणाला, "होतं साहेब इथं असं." मी खुर्ची पार स्टेजला टेकवून ठेवली. मोठेबाबा तोंड तिच्याकडे करून बसले, हात मांडीवर, शाळेत बसल्यासारखे.

आत्यानं पाळणा पूर्ण म्हटला. एकही कडवं गाळलं नाही. मधल्या एका कडव्यात तिला दम पुरला नाही. ती थांबली, श्वास घेतला आणि तीच ओळ पुन्हा धरून पार नेली. मोठेबाबा हलले नाहीत.

पाळणा संपताच बायका नाव ठेवायला सरसावल्या. बाळाची आत्या, म्हणजे जावयाची बहीण, कानात नाव सांगायला वाकलीसुद्धा. मोठेबाबांनी हात वर केला. "थांबा जरा." मग वर पाहून विचारलं, "हेच म्हणत होती काय तू इथं? पाळणे?"

"बारमध्ये पाळणे काहून म्हणीन मी?"

"मग काय म्हणे?"

"तुले काय कराचं आहे आता?"

"ते म्हण."

"मोठेबाबा, बाळाचं नाव..." बायको म्हणाली.

"बाळ काही पळून नाही चाललं." त्यांनी खुर्चीत जरा सरकून डावा कान स्टेजकडे केला, तो त्यातल्या त्यात बरा आहे. "म्हण वं."

आत्यानं त्यांच्याकडे पाहिलं. मग पदर कमरेला खोचला आणि कीबोर्डवाल्याकडे वळून म्हणाली, "काळी दोनची पट्टी घे. आधी चारमध्ये गात होती, आता नाही जात तितकं वर."